राजपद किती वेगाने धावते?

राजा निवर्तला की त्याच क्षणी त्याचा वारस राजा होतो. मध्ये एका पळाचेही अंतर राहत नाही, असा राजनीतीचा दंडक आहे. वारस उशापाशी बसला असेल तर यात अडचण काहीच नाही. पण तो हजार कोसांवर असला तर? राजपद येथून निघून तेथे पोचावयास काही वेळ लागेल की नाही? आणि लागत नसेल, तर ते कोणत्या वाहनावर बसून जाते? प्रश्न पोरकट दिसतो खरा. तथापि एका इंग्रज विनोदी लेखकाने त्यावर चक्क एक शास्त्रीय नियम रचून ठेविला आहे, आणि तो नुसता हसून सोडून देण्याजोगा नाही. त्या नियमाच्या निमित्ताने दोन गोष्टी वेगळ्या ओळखावयास शिकता येते: एक, सृष्टीने घातलेला नियम, आणि दुसरा, माणसाने घातलेला नियम. या दोहोंची गल्लत आपल्या घराघरांत किती काळ चालली आणि तिची किंमत कोणी मोजली, हेही ओघाने पुढे येईल.

या लेखकाचे नाव टेरी प्रॅचेट. जन्म १९४८, मृत्यू १२ मार्च २०१५. 'डिस्कवर्ल्ड' नामक एका कल्पित जगावर त्याने ४१ कादंबऱ्या लिहिल्या; त्यांतील पहिली १९८३ साली निघाली. हे जग ताटासारखे सपाट असून चार हत्तींच्या पाठीवर तोललेले आहे. ते हत्ती एका अवाढव्य कासवाच्या पाठीवर उभे आहेत आणि ते कासव अवकाशात संथपणे पोहत चालले आहे. कूर्म आणि दिग्गज यांच्या कथा ज्यांनी लहानपणी आजीच्या मांडीवर ऐकल्या, त्या आपल्या वाचकांस या भूगोलाचे फारसे नवल वाटू नये! या जगात जादू इतकी दाट भरली आहे की प्रकाशसुद्धा तीत अडखळत, काकवीसारखा ओघळत चालतो. मात्र तेथील जादू स्वैर नाही. तिला नियम आहेत, त्या नियमांचा काथ्याकूट करणारे पंडित आहेत आणि त्या पंडितांचे एक विद्यापीठही आहे. ते पंडित अभ्यासापेक्षा भोजनाकडे अधिक लक्ष देतात, ही गोष्ट निराळी.

१९८७ साली प्रसिद्ध झालेल्या 'मॉर्ट' या कादंबरीतील एका टीपेत हा नियम येतो. ली टिन वीडल नावाचा एक तत्त्ववेत्ता सांगतो की, सामान्य प्रकाशाहून वेगवान अशी एकच वस्तू ज्ञात आहे, आणि ती म्हणजे राजपद. त्याचा युक्तिवाद असा: एका वेळी एका राज्यास दोन राजे असू शकत नाहीत, दोन राजांमध्ये खंड पडता कामा नये, अशी परंपरा आहे, सबब राजा मरताक्षणी राजपद वारसाकडे तत्काळ पोचलेच पाहिजे. हे काम करणारे काही सूक्ष्म कण असले पाहिजेत. त्यांस आपण राजकण म्हणू. कदाचित राणीकणही असतील. क्वचित वारसाहक्क मध्येच खुंटतो, त्याचे कारण वाटेत त्या कणाची गाठ एखाद्या विरोधी कणाशी, म्हणजे प्रजासत्ताक-कणाशी, पडते! पुढे वीडलने या शोधाचा उपयोग निरोप धाडण्याकडे करण्याचा बेत आखला. एक लहानसा राजा घ्यावा, त्यास बेताबेताने यातना द्याव्यात आणि त्या योगे संकेत कमीअधिक करून दूरदेशी पाठवावेत, असा तो बेत होता. पण तो पुरता सांगून होण्यापूर्वीच मद्यालय बंद होण्याची वेळ झाली आणि जग एका मोठ्या शोधास मुकले.

विनोद बाजूस ठेवून हा युक्तिवाद तपासून पाहू. आपल्या मीमांसकांनी अर्थापत्ति नावाचे एक प्रमाण मानिले आहे. देवदत्त दिवसा जेवत नाही, तरी तो लठ्ठ आहे. अर्थात तो रात्री जेवत असला पाहिजे. दोन गोष्टी डोळ्यांसमोर निश्चित आहेत आणि तिसरी न दिसणारी गोष्ट मानल्यावाचून त्यांचा मेळ बसत नाही; म्हणून ती तिसरी मानावयाची. वीडलचा राजकण असाच अर्थापत्तीने सिद्ध झालेला आहे. मग चूक कोठे? चूक साधनात नाही, मूळ विधानात आहे. देवदत्ताचा लठ्ठपणा ही पाहिलेली वस्तुस्थिती आहे. 'दोन राजांमध्ये खंड पडत नाही' ही मात्र पाहिलेली वस्तुस्थिती नसून, 'खंड पडला असे आम्ही मानणार नाही' असा माणसांनी केलेला ठराव आहे. ठरावाच्या पोटी कण जन्मास येत नाहीत.

आता सृष्टीचा नियम काय सांगतो ते पाहू. शब्द कानापर्यंत कसा येतो याविषयी आपल्या नैयायिकांनी दोन दृष्टान्त दिले आहेत: वीचीतरंगन्याय आणि कदंबमुकुलन्याय. पाण्यात एक लाट दुसरीस उठविते, दुसरी तिसरीस. किंवा कदंबाच्या कळीचे केसर चोहोंकडे एकदम फुलतात. त्याप्रमाणे एका शब्दापासून दुसरा शब्द उपजत उपजत कानाशी येतो. तपशील आजच्या पदार्थविज्ञानाशी जुळो वा न जुळो, त्यातील मर्म पक्के आहे: जो निरोप जातो, तो मधल्या जागेतून पावलापावलाने जातो आणि त्यास वेळ लागतो. ध्वनी हवेतून एका सेकंदात सुमारे ३४० मीटर जातो. प्रकाश क्षणात सर्वत्र पोचतो असे पुष्कळांस वाटत असे; १६७६ साली रोमर या डॅनिश ज्योतिर्विदाने गुरूच्या चंद्राच्या ग्रहणवेळा अभ्यासून त्यासही वेळ लागतो, हे दाखविले. आज तो वेग सेकंदास सुमारे २,९९,७९२ किलोमीटर असा ठरलेला आहे. आणि १९०५ साली आइन्स्टाइनने मांडलेल्या सिद्धान्तानुसार कोणताही निरोप त्याहून अधिक वेगाने धाडता येत नाही. सूर्य या क्षणी विझला, तरी आपणास ते सुमारे आठ मिनिटे वीस सेकंदांनी कळेल.

मग राजपदाचे काय? त्याचे उत्तर १९५२ सालच्या एका प्रसंगात सापडते. त्या वर्षी ५ व ६ फेब्रुवारीच्या मधल्या रात्री इंग्लंडचे राजे सहावे जॉर्ज सँड्रिंगहॅम येथे झोपेतच वारले. सकाळी सेवक गेला तेव्हा ते उघडकीस आले; नेमका कोणत्या घटकेस प्राण गेला, हे कोणासच ठाऊक नाही. त्यांची कन्या एलिझाबेथ त्या रात्री आफ्रिकेतील केनिया देशात, अरण्यात झाडावर बांधलेल्या एका विश्रामगृहात वन्य पशू पाहत होती. त्याच रात्री, स्वतःस न कळता, ती राणी झाली. दुसऱ्या दिवशी दुपारी पतीने तिला ती वार्ता सांगितली. इंग्लंडहून केनियास प्रकाशाचा किरण थेट जाता, तर त्यास सेकंदाचा चाळिसावा हिस्साही पुरता लागला नसता. पण बातमीस कित्येक तास लागले. राजपद मात्र, कायद्याच्या दृष्टीने, तत्क्षणी पोचले होते.

तर काय प्रकाशाचा पराभव झाला? मुळीच नाही, कारण त्या रात्री इंग्लंडहून केनियास काहीच गेले नाही. झाडावरील त्या तरुणीच्या नाडीत, श्वासात, रक्ताच्या एका थेंबातही त्या क्षणी काही फरक पडला नाही. जगातील कोणत्याही यंत्राने तिची तपासणी केली असती, तरी 'ही आता राणी झाली' असे त्यास सांगता आले नसते. बदल झाला तो तिच्यात नव्हे, तिच्या नात्यात झाला. आणि नात्याचे एक टोक तुटले की दुसऱ्या टोकाचे नाव बदलते. जेग्वॉन किम या तत्त्वज्ञाने १९७४ साली हीच गोष्ट सॉक्रेटिसाच्या उदाहरणाने मांडली. तुरुंगात सॉक्रेटिसाने प्राण सोडला त्याच क्षणी त्याची पत्नी झांटिपी विधवा झाली. मग ती कोठेही असो, तिला ठाऊक असो वा नसो. तिच्यापर्यंत कोणतेही कारण धावत गेले नाही, तरीही तिच्याविषयी एक नवे विधान खरे ठरले.

घटना आणि तिचे ज्ञान यांतील हा भेद आपल्या धर्मशास्त्रकारांनी फार पूर्वी ओळखला होता. आपल्या घरांत अशौचाचे दिवस मोजणाऱ्यांस हे ठाऊकच आहे. मनुस्मृतीच्या पाचव्या अध्यायात दूरदेशी वारलेल्या सपिंडाविषयी सामान्य नियम असा आहे की, दहा दिवसांच्या आत वार्ता कळली तर उरलेले दिवस अशौच पाळावे. दहा दिवस उलटल्यावर कळली तर तीन रात्री. आणि वर्ष लोटून गेल्यावर कळली तर केवळ स्नानाने शुद्धी होते. म्हणजे मृत्यू घडला त्या दिवशी नाते बदलले, पण कर्तव्य उपजले ते वार्ता कानी पडल्यावर. ज्यास ठाऊक नाही, त्याने देवपूजा केली, गोडधोड खाल्ले, तर त्यास दोष नाही. टपाल आणि तारायंत्र यांच्या कितीतरी आधी, पायी येणाऱ्या वाटसरूच्या तोंडून बातम्या कळण्याच्या काळात हा विवेक केलेला आहे. पुढे तार आली. दारात तारवाला दिसताच पाकीट फोडण्यापूर्वी बायकांनी पदर डोळ्यांस लावल्याचे अनेक घरांतील वडील माणसांस स्मरत असेल. ती तारसेवाही जुलै २०१३ मध्ये बंद झाली. पण वार्ता कळेपर्यंत घर सुखात असते, ही गोष्ट काही बदलली नाही.

आता 'राजांमध्ये खंड नाही' हा ठराव तरी कधीचा? इंग्लंडात तो मुळापासून नव्हता. पूर्वी राजवट राज्याभिषेकापासून मोजीत. राजाने घालून दिलेली शांतता त्याच्या मरणाबरोबर संपली, असे लोक समजत. १ डिसेंबर ११३५ रोजी पहिला हेन्री वारला आणि तीन आठवड्यांनी स्टीफनचा अभिषेक झाला. मधल्या काळात लुटालूट माजली. १२७२ साली तिसरा हेन्री १६ नोव्हेंबरला वारला, तेव्हा त्याचा पुत्र एडवर्ड धर्मयुद्धाहून परतताना सिसिली बेटात होता. सरदारांनी त्याची वाट न पाहता २० नोव्हेंबरपासून त्याची राजवट मोजण्यास प्रारंभ केला. अभिषेक मात्र तो १२७४ साली परत आल्यावर झाला. मधले चार दिवस तेवढे अराजक राहिले. पुढे काळाच्या ओघात तेही गळाले आणि 'राजा कधीच मरत नाही' हे कायद्याचे सूत्र रूढ झाले. सारांश, वीडलचा राजकण सृष्टीने घडविलेला नाही. लुटारूंच्या भयाने माणसांनी तो घडविला. आणि तो घडविण्यात शहाणपण होते, हेही मान्य केले पाहिजे.

वीडलच्या यंत्राचा विचार केल्यावाचून पुढे जाता येत नाही. राजा मारून संकेत पाठवावयाचा म्हटला, तरी एक राजा एकदाच मरतो; म्हणजे एका राजात एकच संकेत. असा एकच संकेत उपयोगी पडावयाचा तर त्याचा अर्थ आधी ठरलेला हवा. १६६० सालची घोडखिंडीची कथा आपल्या मुलांस तोंडपाठ आहे: महाराज विशाळगडावर पोचले की तोफा वाजतील, तोवर खिंड लढवावयाची. त्या तोफेत दुसरे काही सांगण्याची शक्ती नव्हती. पण बाजीप्रभूंस दुसरे काही ऐकावयाचेही नव्हते. मात्र तोफेचा आवाज निदान कानांस ऐकू येतो. राजकण पोचल्याचे वारसास काहीच कळत नाही, हे आपण पाहिलेच; आणि पोचल्याचे कळत नाही, तो संकेत कसला?

विशेष हे की, आजच्या पदार्थविज्ञानातही याला शोभेसे एक उदाहरण आहे. एकाच उगमापासून निघालेले जोडीचे दोन कण कितीही दूर नेले, तरी त्यांवरील मापनांचे निकाल एकमेकांशी विलक्षण जुळतात. १९३५ साली आइन्स्टाइन व त्याच्या दोन सहकाऱ्यांनी यावर शंका घेतली. १९६४ साली जॉन बेलने तिची परीक्षा करण्याची रीत दाखविली. आणि तशा प्रयोगांबद्दल अॅस्पे, क्लॉसर व झाइलिंगर यांस २०२२ सालचे नोबेल पारितोषिक मिळाले. तथापि या जोडीच्या साहाय्याने निरोप धाडता येत नाही. येथे कोणता निकाल यावा हे आपल्या हाती नसते. तेथील निकाल एकटा पाहिला तर फासे टाकल्यासारखा यदृच्छया दिसतो. आणि दोन्ही ताडून पाहावयाचे तर साध्या मार्गाने पत्रच धाडावे लागते! वीडलने यातनांचा घाट घातला तो याचसाठी. जे आपल्या इच्छेनुसार कमीअधिक करता येते, त्यानेच निरोप जातो, एवढे त्यास बरोबर उमगले होते. फक्त, आपल्या विद्येसाठी दुसऱ्या जिवास पिळण्यास आपण सिद्ध झालो आहोत, हे त्या पंडिताच्या ध्यानीही आले नाही. प्रॅचेटचा खरा चिमटा मला तेथे दिसतो.

याच कादंबरीत केली नावाची एक राजकन्या आहे. तिचा वध व्हावयाचा असे विधिलिखित असते. पण मृत्यूचा शिकाऊ उमेदवार मॉर्ट तिला दयेपोटी वाचवितो. ती जिवंत राहते, पण जग मात्र ती मेली असेच धरून चालते. नोकरचाकरांची नजर तिच्यावर ठरत नाही. ती समोर उभी असूनही लोक तिला विसरतात. अखेर ही राणी जिवंत आहे याची लोकांस आठवण देत राहण्यासाठी तिला एक मांत्रिक पगारावर ठेवावा लागतो. हे वाचताना मला पेशवाईतील पार्वतीबाईंचे स्मरण झाले. १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर सदाशिवरावभाऊ पडले. पार्वतीबाई स्वतः त्या मोहिमेत होत्या. त्या परत आल्या, पण पतीच्या मृत्यूची वार्ता त्यांनी अखेरपर्यंत मानिली नाही. पुढे भाऊसाहेबांचा तोतया निघाला, त्याने बंड केले, १७७६ साली त्यास देहान्त शिक्षा झाली. तरीही बाई १७८३ साली वारल्या त्या सौभाग्यलेणी अंगावर ठेवूनच. केली जिवंत असता जगाने तिला मृत मानिले. येथे पती गेला असता पत्नीने त्यास जिवंत मानिले. पार्वतीबाईंच्या प्रेमाविषयी आजवर पुष्कळ लिहिले गेले. मला मात्र राहून राहून असे वाटते की, ती वार्ता स्वीकारताच आपले काय होणार हे त्यांस पुरते ठाऊक असले पाहिजे.

कारण झांटिपी विधवा झाली, हे एक विधान होते. आपल्या समाजात त्या विधानाबरोबर कुंकू पुसणे, बांगड्या फोडणे, मंगलकार्यात मागे राहणे, आणि जुन्या काळी आमच्या जातीत केशवपन, एवढा भार तिच्या मस्तकी येऊन पडे. पती गेला, हे सृष्टीने घडविले. त्यास उपाय नाही. पण त्यानंतरचे सारे माणसांच्या ठरावाने घडे. आणि ते जणू सूर्योदयासारखे अटळ आहे, असे समजून घरातील जाणती माणसेही गप्प बसत. येथेच ती मघाची गल्लत आहे. वीडलने ठरावास सृष्टिनियम मानून एक कण कल्पिला, त्यावर आपण हसतो. आपल्या पूर्वजांनी ठरावास सृष्टिनियम मानून बायकांस कोपऱ्यात बसविले, त्यावर कोणी हसू शकणार नाही. मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाड ग्रामपंचायतीने विधवांच्या या प्रथा बंद करण्याचा ठराव केला, आणि त्याच महिन्यात महाराष्ट्र शासनाने परिपत्रक काढून इतर गावांनीही तो कित्ता गिरवावा असे सुचविले. मोठमोठ्या परिषदांनी जे सांगितले ते एका खेड्याने कागदावर आणिले. माणसांनी घातलेला नियम माणसांच्या सह्यांनी उठतो, याहून वेगळा पुरावा तो कोणता हवा? कागदावरचा ठराव घरात उतरविणे हे मात्र सासवा, जावा, नणंदा आणि विशेषतः गप्प बसणारे पुरुष यांच्या हाती आहे. पुढच्या हळदीकुंकवास किंवा मुंजीस आपण कोणाकोणास पुढे बोलावितो, एवढ्यावरून त्याची परीक्षा होईल.

राहिली गोष्ट निरोपांची. प्रॅचेटच्या जगातही शेवटी निरोप राजकणांनी जात नाहीत. पुढील कादंबऱ्यांत तेथील लोक डोंगरांवर मनोरे बांधतात आणि फळ्यांची उघडझाप करून एका मनोऱ्यावरून दुसऱ्यावर अक्षरे पोचवितात. १७९४ साली क्लोद शाप या फ्रेंच गृहस्थाने पॅरिस ते लील, सुमारे २०० किलोमीटर, असेच खुणांचे मनोरे उभारले होते. ही कल्पना त्याच जातीची आहे. २००४ सालच्या 'गोइंग पोस्टल' या कादंबरीत या मनोऱ्यांवरील कामगारांची एक रीत सांगितली आहे. कामावर असता दगावलेल्या सोबत्याचे नाव ते निरोपांबरोबर पाठवीत राहतात. पुढे धाडावे, नोंद करू नये, टोकाशी पोचल्यावर परत फिरवावे, अशी तीन अक्षरांची खूण त्या नावामागे असते. जोवर नाव या मनोऱ्यावरून त्या मनोऱ्यावर हिंडते आहे, तोवर माणूस पुरता गेला नाही, अशी त्यांची भावना.

प्रॅचेट वारल्यावर त्याच्या वाचकांनी तीच खूण त्याच्या नावामागे जोडली. संगणक एकमेकांशी बोलताना ज्या ओळी धाडतात आणि ज्या वाचणाऱ्याच्या दृष्टीस सहसा पडत नाहीत, त्यांत त्यांनी त्याचे नाव घातले. आजही पुष्कळ ठिकाणांहून ते अदृश्यपणे ये-जा करीत असते. या नावास प्रकाशाच्या वेगाची मर्यादा आहे, मध्ये तारा आहेत, यंत्रे आहेत, ती राखणारी माणसे आहेत. आपल्या घरी श्राद्धाच्या दिवशी पिता, पितामह, प्रपितामह अशी तीन नावे उच्चारतात, तेव्हा हेच होत असते. त्या नावांस कोणी सूक्ष्म कण वाहून आणीत नाही. बापाने मुलास सांगितली, मुलाने आपल्या मुलास सांगितली, म्हणून ती आली. ज्या घरात आजीचे, पणजीचे पाळण्यातील नाव कोणास सांगता येत नाही, त्या घराने ते आजच वडीलधाऱ्यांस विचारून वहीत लिहून ठेवावे. हा निरोप पुढे पाठविण्यास दुसरे कोणी यावयाचे नाही.